युरोपातलं क्लब बास्केटबॉल आणि वारेझेचा संघ: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

युरोपात क्लब संघांची सर्वांत मोठी बास्केटबॉल स्पर्धा कोणती?

युरोलीग. 1958 मध्ये फिबाने, म्हणजे आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाने, ती 'युरोपियन चॅम्पियन्स कप' या नावाने सुरू केली. प्रत्येक देशाच्या विजेत्या क्लबने यायचं, आपसांत खेळायचं आणि शेवटी एकानेच कप न्यायचा, असा साधा हिशेब होता. पहिली तीन वर्षं, म्हणजे 1958, 1959 आणि 1960 मध्ये, हा कप लाटव्हियातल्या रीगा शहराच्या एएसके संघाने जिंकला. त्यांचे प्रशिक्षक होते अलेक्झांडर गोमेल्स्की. पुढे नावं बदलली, नियम बदलले, चालवणारी संस्थाही बदलली, पण विजेत्यांची यादी तीच पुढे चालू राहिली. त्यामुळे जुना चॅम्पियन्स कप आणि आजची युरोलीग या दोन वेगळ्या स्पर्धा नाहीत.

मग युरोकप, चॅम्पियन्स लीग, फिबा युरोप कप हे सगळं काय आहे?

इथे बहुतेकांचा गोंधळ होतो, कारण युरोपात दोन घरं आहेत. एक घर युरोलीगच्या कंपनीचं. त्यात वरच्या मजल्यावर युरोलीग आणि खालच्या मजल्यावर युरोकप. दुसरं घर फिबाचं. त्यांनी 2016 मध्ये 'बास्केटबॉल चॅम्पियन्स लीग' सुरू केली आणि तिच्या खाली फिबा युरोप कप ठेवला. ताकद पाहिली तर युरोलीग सगळ्यांच्या बरीच वर आहे. फुटबॉल पाहणाऱ्यांनी एवढं ध्यानात ठेवावं की बास्केटबॉलमधली 'चॅम्पियन्स लीग' ही सर्वोच्च स्पर्धा नाही.

एकाच वर्षी युरोपात दोन विजेते झाले होते, हे खरं का?

खरं आहे. 2000 साली मोठे क्लब फिबापासून वेगळे झाले आणि त्यांनी आपली युरोलीग काढली. फिबाने 'सुप्रोलीग' या नावाने स्वतःची स्पर्धा चालू ठेवली. 2001 मध्ये सुप्रोलीग मक्काबी तेल अवीवने जिंकली, तर युरोलीग बोलोन्याच्या व्हिर्तुसने. तेव्हा ते प्रायोजकाच्या नावाने 'किंडर बोलोन्या' म्हणून खेळत. व्हिर्तुसने पाच सामन्यांची अंतिम मालिका 3-2 अशी जिंकली आणि तिचा सर्वोत्तम खेळाडू ठरला मानू जिनोबिली. पुढच्या हंगामात सगळे पुन्हा एका छताखाली आले. दोन्ही विजेतेपदं आज अधिकृत मानली जातात.

सर्वाधिक वेळा कोण जिंकलंय?

2025 पर्यंतचा हिशेब असा: रेआल माद्रिद 11, सीएसकेए मॉस्को 8, अथेन्सचं पानाथिनाइकोस 7, मक्काबी तेल अवीव 6 आणि त्यांच्या मागोमाग 5 विजेतेपदांसह इटलीचं वारेझे. 2025 चा कप इस्तंबूलच्या फेनेरबाहचेने अबू धाबीत मोनॅकोला 81-70 असं हरवून नेला.

या यादीत वारेझे हे नाव वाचून बरेच जण थबकतात. माद्रिद, मॉस्को, अथेन्स, तेल अवीव ही मोठमोठी शहरं. मग हे वारेझे कुठलं?

तेच विचारायचं होतं. वारेझे कुठे आहे?

उत्तर इटलीत, लोंबार्दी प्रांतात, मिलानच्या वायव्येला, स्वित्झर्लंडच्या सीमेजवळ. डोंगर, तळी, छोटे कारखाने आणि जेमतेम 80,000 वस्ती. आपल्याकडच्या एखाद्या तालुक्याच्या गावाएवढी. त्या गावाच्या संघाने 1970 ते 1979 या काळात सलग दहा वर्षं युरोपची फायनल गाठली. एकही वर्ष चुकलं नाही. रेआल माद्रिदलाही हे कधी जमलेलं नाही, आणि आजची स्पर्धा पाहता पुढे कुणाला जमेल असं मला वाटत नाही.

इटलीचा ऐतिहासिक संघ म्हटलं की मिलान किंवा बोलोन्याचं नाव येतं. तुम्ही वारेझे का निवडलं?

त्या दोघांचा मान मोठाच आहे. इटलीत लीगची सर्वाधिक विजेतेपदं ऑलिंपिया मिलानकडे आहेत. युरोपचा कपही त्यांनी तीनदा जिंकला: 1966, 1987 आणि 1988. 1966 च्या त्या संघात अमेरिकेचा बिल ब्रॅडली होता. तो ऑक्सफर्डमध्ये शिकत होता आणि सामन्यांपुरता विमानाने इटलीला यायचा. पुढे तो अमेरिकेच्या सिनेटमध्ये गेला. त्यांचे प्रशिक्षक चेझारे रुबिनी यांनी त्याआधी, 1948 च्या लंडन ऑलिंपिकमध्ये, इटलीकडून वॉटर पोलोचं सुवर्णपदक मिळवलं होतं. बोलोन्यात तर व्हिर्तुस आणि फोर्तितुदो असे दोन कट्टर वैरी एकाच शहरात नांदतात. व्हिर्तुसने 1998 आणि 2001 मध्ये युरोप जिंकला. कांतू या आणखी छोट्या गावाने 1982 आणि 1983 असा दोनदा कप नेला. 1983 ची फायनल तर कांतू विरुद्ध मिलान अशीच होती आणि ती कांतूने 69-68 अशी एका गुणाने जिंकली. 1984 मध्ये रोमचा संघ विजेता ठरला.

म्हणजे इटलीची एकूण 13 विजेतेपदं, त्यातली 5 एकट्या वारेझेची. एवढ्या लहान गावाने संपूर्ण दशकावर नाव कोरावं, हे मला बाकी सगळ्यांपेक्षा मोठं वाटतं.

इग्निस, मोबिलजिर्जी, एमर्सन, रूस्टर्स... हे वेगवेगळे संघ आहेत का?

नाही, हा एकच क्लब आहे: पालाकानेस्त्रो वारेझे, स्थापना 1945. इटलीत प्रायोजकाचं नाव थेट संघाला लावण्याची पद्धत फार जुनी आहे, त्यामुळे दर काही वर्षांनी नाव पालटतं. मिलानचंही तसंच. बोर्लेत्ती, सिमेंथाल, बिली, सिमाक, ट्रेसर आणि आता अरमानी. जुन्या निकालांच्या याद्या वाचताना गावाचं नाव पाहावं, प्रायोजकाचं नाही.

वारेझेच्या बाबतीत मात्र 'इग्निस' हे नाव नुसतं जाहिरातीचं नव्हतं. इग्निस हा त्याच परिसरातला कारखाना. फ्रिज आणि घरगुती उपकरणं बनवणारा. त्याचे मालक जोव्हान्नी बोर्गी. युद्धानंतर इटलीत घरोघरी फ्रिज पोहोचू लागला तेव्हा या कारखान्याची भरभराट झाली आणि 1950 च्या दशकाच्या मध्यापासून तो पैसा बास्केटबॉलकडे वळला. बोर्गींनी सायकलपटूही पोसले आणि मुष्टियोद्धेही, पण बास्केटबॉलचा संघ हा त्यांचा सर्वांत टिकाऊ वारसा ठरला. कंपनी पुढे फिलिप्सकडे आणि नंतर व्हर्लपूलकडे गेली. 1975 मध्ये छातीवर मोबिलजिर्जी हे नाव आलं, 1978 मध्ये एमर्सन. तरी जुनी माणसं त्या काळाला 'इग्निसचा काळ' असंच म्हणतात.

त्या दहा फायनलचे निकाल काय होते?

1970 मध्ये सारायेव्होत सीएसकेए मॉस्कोवर 79-74 असा विजय. हा पहिला कप. पुढच्या वर्षी अँटवर्पमध्ये त्याच मॉस्कोने 67-53 अशी परतफेड केली. 1972 मध्ये तेल अवीवला स्प्लिटच्या युगोप्लास्टिकावर 70-69, अवघ्या एका गुणाने. 1973 मध्ये लिएजला पुन्हा मॉस्को समोर, आणि यावेळी 71-66 असा विजय. सीएसकेए मॉस्को या सोव्हिएत सैन्याच्या संघाशी चार वर्षांत तीन फायनल आणि त्यांतल्या दोन जिंकलेल्या. त्या काळातल्या युरोपात याहून कठीण परीक्षा नव्हती.

मग माद्रिदची पाळी आली. 1974 मध्ये नांतला रेआलने 84-82 असं हरवलं. 1975 मध्ये अँटवर्पला वारेझेने 79-66 असा हिशेब चुकता केला आणि 1976 मध्ये जिनिव्हाला 81-74 असं पुन्हा नमवलं. तो पाचवा कप, आणि शेवटचा. 1977 मध्ये बेलग्रेडला मक्काबी तेल अवीवकडून 77-78, 1978 मध्ये म्युनिकला रेआलकडून 67-75, 1979 मध्ये ग्रेनोब्लला सारायेव्होच्या बोस्नाकडून 93-96.

आकडे नीट पाहा. हरलेल्या पाच फायनलपैकी एक एका गुणाने गेली, एक दोन गुणांनी, एक तीन गुणांनी. थोडं इकडेतिकडे झालं असतं तर पाचाचे आठ झाले असते. अर्थात 1972 चा एक गुण उलटा पडला असता तर पाचाचे चारही झाले असते.

दर वर्षी ते पात्र कसे ठरायचे? इटलीची लीग दर वर्षी तेच जिंकायचे का?

नाही, आणि हा फार चांगला प्रश्न आहे. देशातून एकच संघ जायचा, तो म्हणजे लीगचा विजेता. त्याशिवाय गतविजेत्या क्लबला थेट प्रवेश होता. वारेझेने इटलीची लीग 1969, 1970, 1971, 1973, 1974, 1977 आणि 1978 मध्ये जिंकली. मधल्या वर्षांत, म्हणजे 1972 ला मिलान, 1975 ला कांतू आणि 1976 ला बोलोन्या विजेते होते. त्या तिन्ही वेळा वारेझे पुढच्या हंगामात युरोपात उतरलं ते गतविजेता म्हणून. युरोप जिंकला नसता तर साखळी तिथेच तुटली असती. घरात हरल्यावर बाहेर जिंकून परत दार उघडायचं, असं तीनदा झालं.

1979 मध्ये मात्र दोन्ही निसटलं आणि दार बंद झालं. पुढच्या वर्षी, 1980 मध्ये, ते 'कप विनर्स कप' या युरोपातल्या दुय्यम स्पर्धेत उतरले आणि फायनलमध्ये कांतूला 90-88 असं हरवून तो कप घेऊन आले.

संघात कोण कोण होतं?

सर्वांत आधी दिनो मेनेगिन. जन्म 1950. 1966 मध्ये, सोळाव्या वर्षी, वारेझेकडून सुरुवात आणि निवृत्ती 1994 मध्ये. अठ्ठावीस वर्षं! दोन मीटरहून थोडा उंच. आजच्या सेंटरच्या, म्हणजे बास्केटजवळ खेळणाऱ्या उंच खेळाडूच्या, मानाने हे काही फार नाही. पण बास्केटखाली जागा अडवून धरायची, अंगावर अंग घ्यायचं, रिबाउंडला, म्हणजे नेम हुकून उडालेल्या चेंडूला, दुसऱ्याच्या आधी उडायचं, यात त्याच्या तोडीचा युरोपात कुणी नव्हता. वारेझेबरोबर पाच आणि नंतर मिलानबरोबर दोन असे सात युरोपियन कप त्याच्या नावावर आहेत. 2003 मध्ये अमेरिकेतल्या नेस्मिथ हॉल ऑफ फेममध्ये त्याचा समावेश झाला.

मग मानुएल रागा, मेक्सिकोचा. 1968 मध्ये आला. उंची बेताची, पण उडी अशी की इटलीत त्याला 'उडता मेक्सिकन' म्हणू लागले. त्याच्यानंतर आला बॉब मोर्स, अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनिया विद्यापीठातून. 1972 ते 1981 अशी नऊ वर्षं तो वारेझेत राहिला. शांत चेहरा आणि लांबून अचूक नेम. लीगमध्ये सर्वाधिक गुणांचा मान त्याने अनेकदा मिळवला. त्या वेळी इटलीच्या लीगमध्ये एकच परदेशी खेळाडू चालायचा, युरोपियन कपात दोन. त्यामुळे काही काळ मोर्स लीग खेळायचा आणि रागा फक्त युरोपचे सामने. अशा खेळाडूला इटलीत 'कपाचा परदेशी' म्हणत. रागानंतर ती जागा अमेरिकेच्या चार्ली येल्व्हर्टनकडे आली.

आणि चेंडू ज्याच्या हातातून सगळ्यांकडे जायचा तो आल्दो ओस्सोला, वारेझेचाच पोरगा. त्याला वाद्यवृंदाचे प्रसिद्ध संचालक कारायान यांचं नाव चिकटलं होतं, कारण सगळ्यांचा खेळ तो लयीत ठेवायचा. फॉरवर्डला इव्हान बिस्सोन, बाहेरून नेम धरायला मारिनो झानात्ता. ही इटालियन मंडळी वर्षानुवर्षं एकत्र खेळली. माझ्या मते दहा फायनलचं खरं उत्तर इथे आहे. परदेशी बदलले, प्रशिक्षक बदलले, पण मेनेगिन, ओस्सोला, बिस्सोन आणि झानात्ता यांना एकमेकांचा पास डोळे मिटूनही कळत होता.

प्रशिक्षक कोण होते?

दोन नावं महत्त्वाची. अलेक्झांडर निकोलिच 1969 मध्ये युगोस्लाव्हियातून आले. युगोस्लाव्ह बास्केटबॉलचे जनक म्हणून त्यांना ओळखतात. सराव कडक, शिस्त त्याहून कडक. पहिले तीन कप त्यांच्या काळातले. 1973 मध्ये त्यांच्या जागी सान्द्रो गांबा आले. ते आधी मिलानला रुबिनींचे सहायक होते, म्हणजे प्रतिस्पर्ध्याच्या घरातला माणूस. 1975 आणि 1976 चे कप त्यांचे. पुढे राष्ट्रीय संघाचे प्रशिक्षक म्हणून त्यांनी 1980 च्या मॉस्को ऑलिंपिकमध्ये इटलीला रौप्य आणि 1983 मध्ये युरोपियन सुवर्ण मिळवून दिलं. दोन्ही संघांत मेनेगिन होता.

1979 च्या फायनलबद्दल एवढं का बोललं जातं?

कारण तो सामना एका काळाचा शेवट होता आणि दुसऱ्याची सुरुवात. बोस्नाचा संघ तरुण, प्रशिक्षक बोग्दान तान्येविच हेही तरुण. झार्को वारायिचने एकट्याने 45 गुण केले. फायनलमधला हा विक्रम आजही उभा आहे. मिर्झा देलिबाशिचने 30 केले. म्हणजे 96 पैकी 75 गुण दोघांचे. आणि लक्षात घ्या, तेव्हा तीन गुणांची रेषाच नव्हती, म्हणजे लांबून केलेल्या बास्केटलाही दोनच गुण. फिबाने ती 1984 मध्ये आणली. म्हणजे वारायिचचे 45 गुण सगळे दोन-दोनाच्या बास्केटचे आणि फ्री थ्रोचे. समोरून मोर्सनेही 30 केले, तरी वारेझे तीन गुणांनी कमी पडलं.

या गोष्टीचा पुढचा भाग मला फार आवडतो. वीस वर्षांनी, 1999 मध्ये, इटलीने पॅरिसला युरोपियन अजिंक्यपद जिंकलं. प्रशिक्षक तान्येविच, संघ व्यवस्थापक दिनो मेनेगिन आणि संघात दिनोचा मुलगा आंद्रेआ.

मेनेगिनला एनबीएने घेतलं होतं का?

1970 च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे एनबीए या अमेरिकेतल्या व्यावसायिक लीगचे संघ नवे खेळाडू निवडतात त्या वार्षिक निवडीत, अटलांटा हॉक्सने शेवटच्या फेऱ्यांमध्ये रागा आणि मेनेगिन या दोघांचीही निवड केली. युरोपात खेळणाऱ्या खेळाडूंची नावं अशी ड्राफ्टमध्ये येणं तेव्हा अगदीच नवीन होतं. दोघांपैकी कुणीही एनबीएत खेळलं नाही.

वडील आणि मुलगा एकमेकांविरुद्ध खेळले होते, असं ऐकलंय.

हो. दिनो मिलान सोडून त्रिएस्तेकडून खेळत असताना वारेझेच्या संघात आंद्रेआ आला होता. एकाच कोर्टवर बाप एका बाजूला, मुलगा दुसऱ्या बाजूला, आणि मुलाच्या अंगावर बापाच्या जुन्या क्लबची जर्सी.

त्यानंतर वारेझेचं काय झालं?

बरेच चढउतार. 1999 मध्ये त्यांनी लीग पुन्हा जिंकली, एकवीस वर्षांनी. प्रशिक्षक कार्लो रेकालकाती, गार्ड म्हणून धुमाकूळ घालणारा जानमार्को पोझ्झेको, उंच फॉरवर्ड जाकोमो गालांदा आणि सोबत आंद्रेआ मेनेगिन. ते दहावं विजेतेपद. इटलीत दहा विजेतेपदांनंतर छातीवर तारा लावतात, आणि तो मान मिळवणारा मिलान आणि व्हिर्तुस बोलोन्यानंतरचा हा तिसरा क्लब. 2008 मध्ये संघ खालच्या श्रेणीत घसरला, पण वर्षभरात परतला. 2016 मध्ये फिबा युरोप कपच्या फायनलमध्ये फ्रँकफर्टच्या संघाकडून हार पत्करावी लागली.

2020-21 च्या हंगामात अर्जेंटिनाचा लुईस स्कोला, 2004 चा ऑलिंपिक सुवर्णविजेता, आपला शेवटचा हंगाम वारेझेकडून खेळला. निवृत्तीनंतर तो तिथेच थांबला आणि क्लबचा कारभार हाती घेतला. जगात कुठेही जाऊ शकणाऱ्या माणसाने हे गाव निवडलं, याचं मला मनापासून कौतुक आहे.

वारेझे आज युरोलीगमध्ये का नाही? लीग जिंकली तर जाता येईल का?

लीग जिंकूनही थेट जाता येणार नाही. आज युरोलीगचा प्रवेश मुख्यतः परवान्यांवर चालतो. काही क्लबांकडे दीर्घ मुदतीचे परवाने आहेत, इटलीत ऑलिंपिया मिलानकडे. बाकीच्यांना युरोकप जिंकून किंवा निमंत्रणावर यावं लागतं. 2025-26 मध्ये 20 संघ झाले आणि प्रत्येकाला 38 साखळी सामने. पहिले सहा थेट प्लेऑफमध्ये, म्हणजे बाद फेरीत, सातवा ते दहावा यांच्यात आधी पात्रतेचे सामने, मग पाच सामन्यांच्या मालिका आणि शेवटी उरलेल्या चार संघांची फायनल फोर. त्याबरोबर आपापल्या देशाची लीग वेगळीच. एवढा प्रवास, एवढे पगार आणि किमान 10,000 प्रेक्षकांच्या मोठ्या सभागृहांकडे असलेला कल, हे सगळं छोट्या गावाच्या आवाक्याबाहेरचं आहे.

मला ही पद्धत पटत नाही. खेळाचा दर्जा वाढला, हे मान्य. पण लीग जिंकणाऱ्याला वरची वाट नसेल तर वारेझे, कांतू, स्प्लिट यांच्यासारखी गावं पुन्हा कधी युरोप जिंकणार? 2001 नंतर एकाही इटालियन क्लबला हा कप मिळालेला नाही, हेही याच चित्राचा भाग आहे असं मी मानतो.

युरोपचे नियम एनबीएपेक्षा वेगळे आहेत का?

थोडेफार. दहा मिनिटांचे चार डाव, एनबीएत बाराचे. पाच फाउलवर खेळाडू बाहेर, एनबीएत सहावर. तीन गुणांची रेषा 6.75 मीटरवर, एनबीएपेक्षा जवळ. सत्तरच्या दशकात वीस मिनिटांचे दोन डाव असत आणि चढाईसाठी 30 सेकंद मिळत, आता 24. जुने सामने संथ वाटतात त्याचं एक कारण हे.

वारेझेला गेलो तर सामना पाहता येईल का?

नक्की. मिलानहून रेल्वेने साधारण तासाभराचा प्रवास. सामने मझनागो भागातल्या 1964 साली उघडलेल्या सभागृहात होतात. त्याला प्रायोजकाचं नाव असलं तरी गावातले लोक 'मझनागो' एवढंच म्हणतात. सुमारे 5,000 प्रेक्षक मावतात, म्हणजे कुठूनही खेळ जवळून दिसतो. हंगाम शरद ऋतूत सुरू होतो आणि वसंताच्या अखेरीपर्यंत चालतो. मिलान किंवा कांतूविरुद्धचा सामना असेल तर तिकीट आधीच काढून ठेवा.